आधी थडगी, मग चर्च

जॉन फ्रायर हा ईस्ट इंडिया कंपनीचा डॉक्टर डिसेंबर १६७३ मध्ये मुंबईत उतरला. गावात हिंडून जे दिसले ते त्याने पत्रांच्या रूपाने लिहून ठेवले. झावळ्यांनी शाकारलेली बुटकी घरे, काचेच्या जागी शिंपल्यांची तावदाने, बऱ्यापैकी बाजार, आणि गाव संपून जिथे गुरांचा माळ लागतो तिथे पोर्तुगीजांचे चर्च, शेजारी त्यांची फळबाग. पोर्तुगीजांचे हे वैभव सांगून झाल्यावर तो स्वतःच्या जातभाईंकडे वळतो. इंग्रजांपाशी काय आहे? फक्त दफनाची जागा. तिचे नाव मेंडम्स पॉइंट, कारण तिथे पहिल्यांदा पुरलेल्या माणसाचे नाव मेंडम होते. थोडी थडगी आहेत आणि बंदरात शिरणाऱ्या जहाजावरून ती शोभून दिसतात. चर्च नाही, इस्पितळ नाही, आणि दोन्ही व्हायला हवीत.

मुंबईच्या अँग्लिकन चर्चच्या इतिहासाची सुरुवात या नोंदीपासून करावी लागते, म्हणजे चर्च नसल्याच्या नोंदीपासून. आज हॉर्निमन सर्कलजवळ उभे असलेले सेंट थॉमस कॅथीड्रल प्रार्थनेसाठी उघडले ते १७१८ च्या नाताळात. फ्रायरच्या नोंदीनंतर तब्बल पंचेचाळीस वर्षांनी. तोवर कंपनीची माणसे बॉम्बे कॅसलमधल्या खोल्यांत प्रार्थनेला जमत आणि मेली की मेंडम्स पॉइंटला जात. चर्च राहिले, दफनभूमी नाहीशी झाली. राहिलेल्याचा इतिहास सांगणे सोपे आहे, तो भिंतींवरच कोरलेला आहे. नाहीशा झालेल्या जागेसाठी मात्र एकेक साक्षीदार उभा करून त्याची उलटतपासणी करावी लागते.

पहिला साक्षीदार अर्थात फ्रायरच. तो डॉक्टर होता. तेव्हा मृत्यू आणि इस्पितळ यांकडे त्याचे लक्ष असणारच. थडगी समुद्रावरून दिसतात हे त्याने जहाजातून येताना स्वतः पाहिले असणार, त्यामुळे ती साक्ष पक्की धरायला हरकत नाही. पण मेंडमचे नाव ही ऐकीव गोष्ट आहे. फ्रायर येण्याआधीच तो मेला होता. शिवाय पुस्तक छापले गेले १६९८ मध्ये, म्हणजे पाव शतक उलटल्यावर. मधल्या काळात मजकुरावर लेखकाचा हात किती वेळा फिरला असेल, ते छापील पानावरून कळत नाही. विल्यम क्रूक यांनी हॅक्लूट सोसायटीसाठी १९०९ ते १९१५ या काळात या पुस्तकाची तीन खंडांची सटीप आवृत्ती काढली. आज अभ्यासक वापरतात ती हीच.

मेंडमचे एवढेच चरित्र हाती येते: आडनाव, आणि मरणाचा क्रमांक. तरीही त्याच्या मृत्यूच्या तारखेला दोन कुंपणे घालता येतात. अलीकडचे कुंपण म्हणजे फ्रायरचे आगमन, डिसेंबर १६७३. पलीकडचे म्हणजे मुंबई इंग्रजांच्या ताब्यात आली तो दिवस, १८ फेब्रुवारी १६६५. (जुन्या इंग्रजी कागदांत हेच साल १६६४ दिसते. इंग्रजांचे वर्ष त्या काळी २५ मार्चला बदलत असे. या एका गोष्टीने बऱ्याच तारखांचा घोळ केला आहे.) म्हणजे नऊ वर्षांच्या आतला काळ उरला.

तो आणखी आवळता येतो का? इथे दुसरा कागद मदतीला येतो. मुंबई ताब्यात घ्यायला इंग्लंडहून सर अब्राहम शिपमनबरोबर सुमारे ५०० माणसे निघाली होती. पोर्तुगीजांनी बेट लगेच दिले नाही आणि हे सैन्य कारवारजवळच्या अंजदीव बेटावर अडकून पडले. तिथे शिपमन वारला, माणसे पटापट मेली. हम्फ्री कुक याने अखेर मुंबईचा ताबा घेतला तेव्हा उरलेल्यांची यादी झाली: एक एन्साइन, चार सार्जंट, सहा कॉर्पोरल, चार नगारेवाले, सर्जन आणि त्याचा मदतनीस, तोफखान्याची दोन-तीन माणसे, आणि साधे शिपाई ९७. अंजदीवच्या हवेने पोखरलेली ही माणसे मुंबईला आली ती फेब्रुवारीत, आणि चार महिन्यांत पावसाळा लागला. अशा तुकडीत पहिला मृत्यू व्हायला वर्षे लागली असतील, हे पटत नाही. मेंडम १६६५ मध्येच, बहुधा पहिल्या पावसाळ्यात किंवा त्याच्याही आधी, गेला असावा असे मला वाटते. हा तर्क आहे, पुरावा नाही. आणि तर्काला एक अडचणही आहे. जागेच्या नावामागे ‘पहिला माणूस’ शोधण्याची खोड सगळ्या गावांना असते. फ्रायरला ही हकिकत सांगणाऱ्यांपैकी किती जण १६६५ च्या मूळ तुकडीतले होते? फार नसावेत, कारण त्या तुकडीतले बहुतेक एव्हाना मेंडमच्या शेजारी गेले होते.

आता जागा. फ्रायरचे वर्णन दोन खुणा देते: पाणी जवळ आहे आणि बंदरात येणाऱ्याला थडगी दिसतात. मुख्य बेटाच्या दक्षिणेला जमीन निमुळती होत जाई आणि पुढे खाडी ओलांडून कुलाब्याची छोटी बेटे लागत. कुलाब्याचा कॉजवे झाला १८३८ मध्ये, त्यामुळे सतराव्या शतकात हे टोक खरोखरच टोक होते. १९०९–१० मध्ये निघालेल्या मुंबई शहर गॅझेटियरच्या परंपरेत मेंडम्स पॉइंट सेलर्स होमच्या आसपास दाखवला जातो. ड्यूक ऑफ एडिंबरोने १८७० मध्ये पायाभरणी केलेले हे रॉयल आल्फ्रेड सेलर्स होम पुढे मुंबई विधिमंडळाचे सभागृह झाले, आणि आज त्यात महाराष्ट्र पोलिसांचे मुख्यालय आहे. फ्रायरच्या दोन्ही खुणांशी ही जागा जुळते. कॅथीड्रलपासून चालत गेले तर फार तर पाव तासाचे अंतर. पण १६७३ मध्ये हे गावाबाहेरचे टोक होते आणि पुढे तटबंदी झाल्यावर तर उघडउघड कोटाबाहेरचे.

मेंडमच्या शेजारी किती जण गेले? या प्रश्नाला जॉन ओव्हिंग्टन नेहमी साक्षीला बोलावला जातो. तो ‘बेंजामिन’ जहाजावरचा पाद्री. त्याचे सुरतेच्या प्रवासाचे पुस्तक १६९६ मध्ये छापले गेले. नावात साल १६८९ चे आहे, पण ते जहाज इंग्लंडहून निघाल्याचे. जहाज मुंबईला लागले ते पुढच्या वर्षीच्या पावसाळ्याच्या तोंडाशी, आणि पाऊस संपेपर्यंत बरोबर आलेल्या २४ उतारूंपैकी २० पुरले गेले. जहाजावरचे आणखी १५ जण गेले ते वेगळेच. दोन पावसाळ्यांपलीकडे माणसाचे आयुष्य धरायचे नाही अशी म्हणच त्याने ऐकली. मुंबईवरच्या प्रत्येक पुस्तकात हे आकडे येतात आणि त्यावरून मुंबईची हवा म्हणजे विष असा निष्कर्ष निघतो.

मला इथे थोडे थांबावेसे वाटते. आकडे खोटे नसावेत. पाद्र्याला दफने मोजावीच लागतात, कारण तीच त्याची कामगिरी. पण साल पाहा. फेब्रुवारी १६८९ मध्ये जंजिऱ्याचा सिद्दी याकूत शिवडीला उतरला आणि त्याने माझगाव, माहीम घेऊन इंग्रजांना कोटात कोंडले. हा वेढा जून १६९० मध्ये उठला. वर्षभर कोंडलेल्या, अन्नपाणी नासलेल्या, मृतदेह आणि घाण यांनी भरलेल्या गावात नवखे उतारू उतरले तर त्यांचे जे होईल ते नेहमीच्या वर्षाचे माप म्हणून वापरता येत नाही. ओव्हिंग्टनच्या आकड्यांत किती वाटा हवेचा आणि किती सिद्दीचा, हे वेगळे करायचे असेल तर आधीच्या-नंतरच्या वर्षांचे आकडे शेजारी ठेवायला हवेत. ते मिळायची जागा एकच, दफनांची नोंदवही.

आणि नेमकी तिथेच दरी आहे. मुंबईतल्या बाप्तिस्मा, विवाह आणि दफन यांच्या नोंदींच्या ज्या प्रती लंडनला कंपनीकडे जात त्या आज ब्रिटिश लायब्ररीत इंडिया ऑफिसच्या दप्तरात आहेत. मुंबईच्या मालिकेचा क्रमांक ‘एन/३’. ती सुरू होते १७०९ पासून. कुकने ताबा घेतला १६६५ ला. मधली चव्वेचाळीस वर्षे कोरी. मेंडम या कोऱ्या भागात, ओव्हिंग्टनचे वीस उतारू या कोऱ्या भागात, सिद्दीच्या वेढ्यात मेलेले शिपाईही इथेच. कंपनीचा सर्वांत बदनाम गव्हर्नर सर जॉन चाइल्ड ४ फेब्रुवारी १६९० ला, वेढा चालू असतानाच, मुंबईत वारला. त्याच्या मृत्यूची तारीख आपल्याला कळते ती दफन-नोंदीतून नव्हे, राजकारणाच्या कागदांतून. मोठ्या माणसाला इतर कागद सावरतात. शिपायाला फक्त नोंदवही असते.

चाइल्डचे नाव आले आहे तर चर्चकडे वळू, कारण चर्च रखडल्याचा दोष त्याच्या माथी मारला जातो. सुरतेचा अध्यक्ष आणि मुंबईचा गव्हर्नर जेराल्ड ऑन्जियर याने मुंबईत मोठे चर्च बांधायला घेतले, इथवर सर्वांचे एकमत. कधी घेतले, यावर नाही. १६७२ पासून १६७६ पर्यंत वेगवेगळी साले छापलेली आढळतात. मला तीन पुरावे शेजारीशेजारी ठेवून पाहावेसे वाटले. एक, फ्रायर. १६७३ च्या अखेरीस आलेला हा चौकस माणूस चर्च नाही असे साफ सांगतो, अर्धवट भिंतींचाही उल्लेख करत नाही. दोन, चर्चच्या चांदीच्या भांड्यांतला एक प्याला. तो ऑन्जियरने मुंबईच्या ख्रिस्ती समाजाला दिल्याचा लॅटिन लेख त्यावर आहे आणि साल १६७५. तीन, पुढे ज्याने चर्च पूर्ण केले त्या पाद्री रिचर्ड कॉबचे म्हणणे, की तो आला तेव्हा अर्धवट भिंती चाळीसेक वर्षे तशाच पडून होत्या. कॉब आला १७१४ मध्ये. चाळीस वजा करा. तिन्ही पुरावे १६७५ च्या आसपास येऊन भेटतात. प्याला म्हणजे पायाभरणी नव्हे, हे मान्य. पण ज्या वर्षी भिंती उठू लागल्या त्याच वर्षी गव्हर्नरने वेदीसाठी प्याला करवून घेतला, असे म्हणणे धाडसाचे ठरू नये.

ऑन्जियर ३० जून १६७७ ला सुरतेला वारला आणि काम थांबले. का थांबले? अलेक्झांडर हॅमिल्टन हा खासगी व्यापारी १७२७ मध्ये छापलेल्या पुस्तकात सांगतो की चर्चसाठी ५,००० पौंड जमले होते, पण मुंबईचे राज्य हाती आल्यावर चाइल्डने तो पैसा स्वतःच्या वापरात घेतला. भिंती पाच यार्ड, म्हणजे पंधरा फूट उंचीपर्यंत आल्या होत्या, असेही तो लिहितो. एकाच साक्षीदाराच्या या दोन विधानांना वेगवेगळे वजन द्यायला हवे. भिंतींची उंची त्याने डोळ्यांनी पाहिली असणार आणि कॉबच्या हकिकतीशी ती जुळते. पैशाचा हिशेब त्याने पाहिलेला नाही. कंपनीच्या मक्तेदारीवर, आणि विशेषतः चाइल्डवर, खासगी व्यापाऱ्यांचा दात होता. हॅमिल्टन तो कुठेच लपवत नाही. चाइल्डने पैसे खाल्ले नसतील असे नव्हे. पण हॅमिल्टनच्या एकट्याच्या शब्दावर त्याला दोषी ठरवता येत नाही.

रिचर्ड कॉब सप्टेंबर १७१४ मध्ये कंपनीचा पाद्री म्हणून आला. त्याने पुढे या सगळ्या खटपटीची हकिकत, पत्रे आणि याद्यांसह, छापली. त्या अर्धवट भिंती म्हणजे इंग्रजांची नाचक्की आणि स्थानिकांच्या थट्टेचा विषय झाल्या आहेत, हे त्याला आल्यापासून टोचत होते. १७१५ च्या जूनमध्ये त्याने प्रवचनातूनच विषय काढला. गव्हर्नर विल्यम एस्लाबी याने त्याबद्दल विचारपूस केली, आणि वर्गणीची वही निघाली. ही यादी मुळातून वाचण्यासारखी आहे, कारण तीत माणसे दिसतात. गव्हर्नरचे हजार रुपये आहेत, जहाजांवरच्या लोकांचे आहेत. आणि कॉर्नेलियस सॉडिंग्टन नावाच्या एका गृहस्थाने वीस रुपये दिले आहेत ते आपल्या बायकोच्या नावाने. बायको अजून मिळायची आहे, मिळेल तेव्हा तिच्यातर्फे. तीनशे वर्षांपूर्वीच्या मुंबईतल्या इंग्रज अविवाहितांची अवस्था सांगायला दुसरा कागद नको.

एस्लाबी ऑक्टोबरमध्ये मायदेशी गेला. नवा गव्हर्नर चार्ल्स बून यायचा होता. मधल्या रिकाम्या जागेत, १८ नोव्हेंबर १७१५ रोजी, उपगव्हर्नर स्टीफन स्ट्रट याने पायाचा दगड बसवला. बून नाताळच्या दुसऱ्या दिवशी उतरला आणि काम त्याने मनावर घेतले. गॅझेटियरवर विश्वास ठेवायचा तर याच सुमारास, १७१५ च्या आसपास, मलबार टेकडीच्या टोकाला वाळकेश्वराचे देऊळ नव्याने उभे राहत होते. ते बांधवणारा रामाजी कामत, जातीने शेणवी, कंपनीचा जुना विश्वासू माणूस. इंग्रजी कागदांत तो रामा कामाटी होतो.

हा रामा कामाटी कॉबच्या हकिकतीत, चर्चच्या उद्घाटनाच्या दिवशी, अचानक समोर येतो. २५ डिसेंबर १७१८. (इंग्रज अजून जुन्या पंचांगावर चालत होते. पलीकडे वसईत पोर्तुगीजांचा नाताळ अकरा दिवसांपूर्वीच होऊन गेला होता.) नवे चर्च पानाफुलांनी सजले, गव्हर्नर आणि मंडळ आले, तोफा झाल्या. आणि कॉब लिहितो की रामा कामाटी हा प्रतिष्ठित हिंदू आपल्या सगळ्या ज्ञातीसह आला होता आणि उपासनेची शिस्त पाहून ही मंडळी इतकी खूश झाली की सगळी प्रार्थना होईपर्यंत बाहेर उभी राहिली. उद्घाटनाच्या त्या गर्दीतला आपल्या बाजूचा असा नावानिशी ओळखू येणारा माणूस हा.

आता दुसरा कागद. तो चर्चचा नाही, न्यायालयाचा आहे. मार्च १७२० मध्ये रामा कामाटीवर कान्होजी आंग्र्यांशी संधान बांधल्याचा, म्हणजे राजद्रोहाचा, खटला उभा राहिला. मुख्य पुरावा एक पत्र: रामाने कान्होजींना लिहिलेले, इंग्रज खांदेरीवर १७ ऑक्टोबरला चाल करणार आहेत तेव्हा किल्ल्यात नीट बंदोबस्त ठेवा असे कळवणारे. पत्राची तारीख १२ ऑक्टोबर १७१८. बूनने खांदेरीवर खरोखर मोहीम काढली, ती त्याच वर्षीच्या नोव्हेंबरात, आणि ती फसली. पराभवाला कुणीतरी धनी हवा होता. गोविंदजी नावाच्या कारकुनाच्या अंगठ्यांना लोखंडी चाप लावून त्याच्याकडून कबुली काढली गेली. रामा कामाटीला आजन्म कैद झाली, मालमत्ता जप्त झाली. पत्र बनावट होते असे नंतरच्या अभ्यासकांचे मत आहे. (कंपनी ज्या बॉम्बे कॅसलमधून कारभार चालवी तिथे आज भारतीय नौदलाचे ‘आयएनएस आंग्रे’ हे ठाणे आहे. यावर टिप्पणी नको.)

चर्चच्या इतिहासात हा खटला कशाला, असे कुणी विचारील. दोन तारखा शेजारी ठेवा. पत्र १२ ऑक्टोबरचे, उद्घाटन २५ डिसेंबरचे. न्यायालयाचे खरे मानले तर चर्चच्या दाराशी कौतुकाने उभा असलेला माणूस दहा आठवड्यांपूर्वी आंग्र्यांना बातमी देऊन बसला होता. कॉबचे खरे मानले तर तो इंग्रजांच्या आनंदात सामील झालेला जुना सहकारी होता. दोन्ही एकाच वेळी खरे असू शकते, हेही विसरू नये. दरबारी माणूस दोन्हीकडे नमस्कार करतो. मला जे उलगडले ते रामाबद्दल नव्हे, कॉबच्या पुस्तकाबद्दल. पुस्तक छापले गेले १७६६ मध्ये, घटनेनंतर अठ्ठेचाळीस वर्षांनी, आणि म्हणून ते म्हाताऱ्याच्या आठवणी समजून बाजूला सारण्याचा मोह होतो. पण १७६६ मध्ये बसून लिहिणाऱ्या कॉबने रामा कामाटीला निव्वळ ‘प्रतिष्ठित’ म्हणून सोडले असते का? राजद्रोहाच्या खटल्याची एक ओळ तरी टाकली असती. ती नाही. गव्हर्नरच्या मंडळाशी खटके उडून कॉब १७१९ मध्येच निलंबित झाला होता. खटला उभा राहिला त्यानंतर. तेव्हा उद्घाटनाचा मजकूर खटल्यापूर्वी, प्रसंग ताजा असताना लिहिलेला आहे आणि छापताना त्याला हात लागलेला नाही, असे मानायला जागा होते. छापील तारीख उशिराची, साक्ष मात्र ताजी. एका माणसाच्या नावापुढे काय लिहिलेले नाही, यावरून हे कळले.

चर्च झाले, आणि त्याच वर्षांत बूनच्या कारकिर्दीत गावाभोवती तट उठला. पश्चिमेच्या दरवाजाला नाव मिळाले चर्चगेट. इंग्रजांची प्रार्थना कोटाच्या मधोमध आली आणि त्यांची थडगी कोटाबाहेर राहिली. शहराची मैलांची मोजणीही पुढे चर्चपासून होऊ लागली; सेंट थॉमसपासून इतके मैल असे सांगणारे दगड मुंबईत आजही सापडतात. एक गंमत अशी की या शून्य मैलावरच्या चर्चचा विधिपूर्वक अभिषेक व्हायला १८१६ साल उजाडले. अभिषेक करायला बिशप लागतो आणि भारतातले पहिले अँग्लिकन बिशपपद, कलकत्त्याचे, निर्माणच झाले १८१४ मध्ये. बिशप मिडलटन मुंबईला आला तेव्हा चर्चला सेंट थॉमसचे नाव मिळाले. मुंबईला स्वतःचा बिशप लाभला १८३७ मध्ये, आणि चर्चचे कॅथीड्रल झाले.

मेंडम्स पॉइंटचा शेवट मात्र तटामुळे झाला. मे १७३९ मध्ये चिमाजी अप्पांनी वसई घेतली आणि मुंबईची झोप उडाली. तटाभोवती खंदक खणायचे ठरले, व्यापाऱ्यांनी ३०,००० रुपये उभे केले. पुढे फ्रेंचांशी सात वर्षांचे युद्ध पेटले. खंदकाला अर्थ यायचा तर त्यापलीकडचा माळ उघडा हवा. तोफेच्या टप्प्यात शत्रूला आडोसा मिळता कामा नये. मग झाडे गेली, घरे हटली. बंदरातून शोभून दिसणारी दगडी थडगी लष्करी इंजिनिअरच्या नजरेला कशी दिसली असतील, ते वेगळे सांगायला नको. १७६० च्या दशकात ही दफनभूमी बंद झाली, थडगी काढली गेली आणि युरोपीयांची दफने सोनापूरला, आजच्या मरीन लाइन्सच्या बाजूला, होऊ लागली. सर्वसाधारणपणे साल दिले जाते १७६३.

सुरतेशी तुलना केली की हे नीट कळते. सर जॉर्ज ऑक्झेंडन १६६९ मध्ये सुरतेला वारला. त्याचे आणि त्याच्या भावाचे घुमटदार थडगे अजून उभे आहे. मुंबईच्या मेंडमपेक्षा ते फार तर चार वर्षांनी धाकटे किंवा तितकेच थोरले. इंग्रज तेच, दगडकाम तेच. फरक इतकाच की सुरतेची थडगी कंपनीच्या तोफांच्या वाटेत आली नाहीत. मुंबईत इंग्रजांची पहिली थडगी पाडली ती इंग्रजांनीच, मराठ्यांच्या आणि फ्रेंचांच्या भीतीने.

सोनापूरही टिकले नाही. फ्रेंच वनस्पतीशास्त्रज्ञ व्हिक्टर जाकमाँ ७ डिसेंबर १८३२ ला मुंबईत वारला आणि तिथे पुरला गेला. १८८१ मध्ये फ्रेंचांनी त्याचे अवशेष पॅरिसला नेले. १८६५ मध्ये म्युनिसिपल कमिशनर आर्थर क्रॉफर्डने शिवडीची, कृषी-बागायत संस्थेच्या बागेची जागा नव्या दफनभूमीसाठी घेतली. गोविंद नारायण माडगांवकरांचे ‘मुंबईचे वर्णन’ १८६३ मध्ये निघाले तेव्हा कोटाचे तट पाडण्याचे काम चालू होते. ज्या तटासाठी थडगी हटवली तो तटही शंभर वर्षांत अडगळ ठरला. चर्चगेट दरवाजाही गेला. नाव स्टेशनला राहिले.

मेंडम्स पॉइंट नेमका कोणत्या महिन्यात बंद झाला, हा प्रश्न उरतो, आणि तो सोडवायला एक धागा आहे. प्रवासी कार्स्टन नीबूर आणि त्याची डॅनिश मोहीम सप्टेंबर १७६३ मध्ये मुंबईला पोचली. सहा जण निघाले होते, मुंबईत आले दोघे. त्यांतला डॉक्टर क्रिश्चन कार्ल क्रामर १० फेब्रुवारी १७६४ ला इथे वारला. तो जुन्या जागी गेला की सोनापूरला? १७६३ हे साल खरे असेल तर क्रामर नव्या दफनभूमीतल्या अगदी पहिल्यांपैकी असायला हवा. तो टोकावर पुरला गेला असेल तर साल पुढे सरकवावे लागेल. एका परक्या डॉक्टरची कबर दोन दफनभूमींच्या नेमकी मध्ये पडते. एव्हाना नोंदी सुरू होऊन अर्धशतक उलटले आहे, म्हणजे हा मृत्यू कोऱ्या भागातला नाही. ज्या वाचकाला लंडनचे दप्तर पाहण्याची संधी मिळेल त्याने ‘एन/३’ मालिकेतली १७६३–६४ ची दफने आधी काढावीत.